नाव गोष्टीतलं, आजार खरा : "आई, तू एवढी लांब का बसलीस?"

मागच्या पावसाळ्यात एका रात्री साडेअकराला धाकट्या बहिणीचा फोन आला आणि तिचा नुसता "ताई" ऐकूनच कळलं की काहीतरी बिनसलंय. तिची मुलगी सात वर्षांची, आठवडाभर तापाने आडवी होती, ताप उतरून दोन दिवस झालेले, खाणंपिणं परत सुरू झालेलं, आणि त्या रात्री ही तिच्या उशाशी बसून कपाळावरून हात फिरवत होती तर पोरगी म्हणाली, "आई, तू एवढी लांब का बसलीस?" हात कपाळावर, आणि म्हणे लांब! हिला वाटलं लाडात आलीय. तर पुढे म्हणते, "तुझं डोकं लिंबाएवढं झालंय. आणि तू इतकी हळूहळू का बोलतेस?" दहा मिनिटं हा प्रकार चालला, मग पोरगी शांतपणे "आता बरोबर दिसतेस" म्हणून कुशीवर वळून झोपली. बहीण मात्र पहाटेपर्यंत जागी.

दुसऱ्या दिवशी नेहमीच्या डॉक्टरांकडे नेलं, ते म्हणाले मुलांची कल्पनाशक्ती असते, मोबाईल कमी करा. घरी तिच्या सासूबाईंनी दृष्ट काढली, मिरच्या जाळल्या आणि कुणाला ठसकाच लागला नाही, म्हणजे दृष्ट जबरदस्त लागलीय असा निकाल झाला. मला हसू नाही आलं खरं सांगायचं तर, कारण मला माझी आजी आठवली.

मी आठ-नऊ वर्षांची असेन, मे महिन्यात आजोळी कोकणात ताप भरला होता. माजघरात पडले होते आणि वर बघते तर आढ्याची तुळई हळूहळू लांब चाललीय, इतकी वर की तिथे आभाळ असावं असं वाटलं, आणि माझी बोटं मात्र सुजून केळ्याएवढी झालीत. बोटं डोळ्यांसमोर धरली की नेहमीसारखी दिसायची, डोळे मिटले की परत केळी. आजीला सांगितलं तर तिने पण हेच केलं, मीठ-मोहरी ओवाळून चुलीत टाकली. मग मोठी झाले, विसरून गेले, आणि तीस वर्षांनी बहिणीच्या फोनने ते सगळं परत वर आलं. तेव्हापासून या विषयावर जे मिळेल ते वाचत सुटलेय आणि ज्या न्यूरोलॉजिस्टकडे भाचीला शेवटी नेलं त्यांचं डोकं खाल्लं, त्यातून जे कळलं ते इथे लिहितेय.

तर याला नाव आहे. ॲलिस इन वंडरलँड सिंड्रोम. नाव ऐकून वाटतं कुणीतरी चेष्टा करतंय, आमच्या घरी तर पहिली रिॲक्शन "हे काहीतरी काल्पनिक असणार" अशीच होती. गोष्टीतली ॲलिस काहीतरी पिते आणि वीतभर होते, काहीतरी खाते आणि छताला डोकं टेकतं, ते पुस्तक आलं १८६५ साली, लिहिणारा लुईस कॅरॉल, म्हणजे खरा चार्ल्स डॉजसन, ऑक्सफर्डमध्ये गणित शिकवायचा. पुढे १९५५ मध्ये जॉन टॉड नावाच्या ब्रिटिश मानसोपचार डॉक्टरने असे पेशंट एकत्र मांडले, ज्यांना आपलं शरीर किंवा आजूबाजूच्या वस्तू मोठ्या-लहान, जवळ-लांब झाल्यासारख्या वाटायच्या, आणि त्याने हे नाव ठेवलं. त्याच्या तीन वर्षं आधी कॅरो लिपमन या डॉक्टरने मायग्रेनच्या पेशंटांमध्ये हेच नोंदवलं होतं, पण नाव गाजलं टॉडचं, कारण साहजिक आहे, गोष्टीचं नाव लक्षात राहतं. खुद्द कॅरॉलला मायग्रेन होता, त्याच्या डायऱ्यांत तसे उल्लेख आहेत, म्हणून कित्येक जण ठोकून देतात की त्याने स्वतःचंच दुखणं गोष्टीत घातलं. पण डोकेदुखीबरोबरच्या अशा नजरेच्या त्रासाच्या त्या नोंदी पुस्तकानंतर बऱ्याच वर्षांनी येतात, त्यामुळे मी तरी यावर पैज लावणार नाही.

आता हा आजार म्हणजे वेड लागणं नव्हे, हे आधी डोक्यातून काढून टाकूया, कारण घरच्यांना सगळ्यात जास्त भीती त्याचीच वाटते. आपल्याकडचं ते दोरी आणि सापाचं जुनं उदाहरण घ्या. अंधारात दोरी पडलीय आणि तुम्हाला साप दिसला, तो भ्रम. दोरी-बिरी काहीच नाही, कोरी जमीन आहे, तरी साप दिसतोय, तो भास. या आजारात तिसरंच होतं. दोरी दोरीच दिसते, तुम्हालाही माहीत असतं की ती दोरीच आहे, फक्त ती अजगराएवढी जाड दिसते किंवा दोऱ्याएवढी बारीक, किंवा गल्लीच्या टोकाला पडल्यासारखी. आणि बघणाऱ्याला पक्कं कळत असतं की हे खरं नाहीये. माझ्या भाचीने आईला "तू लहान झालीस" असं सांगितलं पण आईच्या जागी दुसरी कुणी बाई बसलीय असं ती एकदाही म्हणाली नाही, हा फरक न्यूरोलॉजिस्टनी पहिल्या पाच मिनिटांत विचारून घेतला आणि त्यांचा चेहरा सैल झाला. आधीच्या दवाखान्यात हा प्रश्न कुणी विचारलाच नव्हता.

प्रकार मात्र खूप आहेत. वस्तू लहान दिसणं, मोठी दिसणं, जवळ सरकल्यासारखी दिसणं, लांब गेल्यासारखी दिसणं, सरळ रेघा वाकड्या दिसणं, हललेली वस्तू थांबल्यासारखी किंवा थांबलेली हलल्यासारखी. डच मानसोपचार डॉक्टर यान डिर्क ब्लोम यांनी २०१६ मध्ये जगभरच्या जुन्या नोंदी चाळल्या, तेव्हा छापून आलेले पेशंट भरले जेमतेम १६९, पण नुसत्या नजरेचे प्रकारच निघाले ४२. पेशंट इतके कमी याचा अर्थ आजार दुर्मीळच आहे असा नाही. बहुतेक जण कुणाला सांगतच नाहीत, मी तीस वर्षं सांगितलं नव्हतं की. शिवाय आजारांच्या ज्या मोठ्या अधिकृत याद्या डॉक्टर वापरतात त्यांत या नावाचा स्वतंत्र आजार नाहीच, त्यामुळे डॉक्टरांनासुद्धा तो माहीत असेलच असं नाही. आमच्या पहिल्या डॉक्टरांना मी आता तेवढी माफी देते.

आता मुद्द्याचं. असं होतं कसं?

आपल्याला वाटतं डोळा म्हणजे कॅमेरा, समोर जे आहे ते आत जातं आणि दिसतं. तसं असतं तर आपलं जगणं कठीण झालं असतं. दादरच्या प्लॅटफॉर्मवर उभे राहा, मैत्रीण पाच पावलांवरून तुमच्याकडे पाठ करून चालत निघालीय, ती दहा पावलांवर गेली की डोळ्याच्या पडद्यावरची तिची आकृती उंचीने निम्मी होते, वीस पावलांवर गेली की पाव. पण तुम्हाला मैत्रीण आकसत चाललीय असं दिसतं का? नाही, ती तेवढीच उंच दिसते, फक्त लांब गेलेली. म्हणजे आत बसलेला कुणीतरी हिशेबनीस सतत पडद्यावरचा आकार घेतो, अंतराने गुणतो आणि खरा आकार काढून आपल्यासमोर ठेवतो, आणि हे इतकं गुपचूप करतो की हिशेब झाला हेच आपल्याला कळत नाही.

हा हिशेबनीस घरबसल्या पकडता येतो. रात्री खोलीतल्या साध्या ट्यूबलाइटकडे वीसेक सेकंद एकटक बघा (सूर्याकडे किंवा एलईडी टॉर्चकडे नको, उगाच डोळे घालवाल), मग हातातल्या वहीच्या कोऱ्या पानावर नजर न्या. तिथे ट्यूबची छोटीशी सावली दिसेल. आता तीच नजर समोरच्या भिंतीवर न्या, सावली एकदम लांबलचक होते. डोळ्यावर उमटलेला ठसा तोच आहे, मिलिमीटरनेसुद्धा वाढलेला नाही, पण मेंदू म्हणतो की भिंत लांब आहे, लांबची वस्तू पडद्यावर एवढी दिसतेय म्हणजे ती मोठी असणार. एमर्ट नावाच्या स्विस डोळ्यांच्या डॉक्टरने हे १८८१ मध्ये लिहून ठेवलंय. मी हा खेळ भाचीबरोबर खेळले आणि तिला जाम आवडला, कारण पहिल्यांदाच तिच्यासारखं "खोटं" बाकीच्यांना पण दिसत होतं.

तर समजा हा हिशेबनीसच दहा मिनिटं डुलकी काढायला गेला, किंवा अंतराचा आकडा चुकीचा धरून बसला. डोळा ठणठणीत, चष्म्याचा नंबर बरोबर, पडद्यावर चित्र बरोबर, पण गुणाकार चुकला. मग आईचं डोकं लिंबाएवढं आणि हातभर अंतर खोलीभर. म्हणूनच अशा मुलांचे डोळे तपासले की बहुतेक वेळा काहीच सापडत नाही आणि सगळे म्हणतात पोरगं नाटक करतंय.

मेंदूत हा हिशेब एकाच कोपऱ्यात होत नाही, पण डॉक्टरांचं बोट जास्त करून एका नाक्यावर जातं. कानाच्या जरा वर आणि मागे, जिथे बघण्याचा भाग, ऐकण्याचा भाग आणि शरीराचा नकाशा सांभाळणारा भाग असे तिन्ही येऊन भिडतात. तीन रस्ते मिळतात तो नाका बंद पडला की तिन्हीकडे ट्रॅफिक तुंबतो, तसंच. म्हणून एकाच झटक्यात आकार पण बिघडतो, शरीर पण वेगळं वाटतं आणि आवाज-वेळ पण घसरतात.

पण नाका बंद का पडतो? मोठ्यांमध्ये पहिलं कारण मायग्रेन. आणि मायग्रेनमध्ये मेंदूत काय होतं त्याची गोष्ट मला फार आवडते. कार्ल लॅशली नावाचे अमेरिकन मानसशास्त्रज्ञ होते, त्यांना डोकं दुखायच्या आधी डोळ्यांसमोर चमचमणारी वेडीवाकडी कड दिसायची आणि ती हळूहळू बाजूला सरकत जायची. दुसरा असता तर अंधार करून पडला असता, हे कागद घेऊन बसायचे आणि दर थोड्या वेळाने ती कड कुठे पोचली ते काढून ठेवायचे. त्यावरून त्यांनी १९४१ मध्ये हिशेब मांडला की मेंदूच्या पृष्ठभागावरून काहीतरी मिनिटाला सुमारे ३ मिलिमीटर या वेगाने सरकतंय. तीनच वर्षांनी आरिस्टिडेस लिआओ या ब्राझीलच्या तरुण संशोधकाला हार्वर्डमध्ये सशांच्या मेंदूवर काम करताना नेमकी अशीच लाट सापडली, पेशी आधी एकदम पेटतात आणि मग त्यांच्यामागे काही मिनिटं सामसूम पसरते, आणि वेगही तसाच मिनिटाला काही मिलिमीटरचा. गोगलगायपण याच्यापुढे पळते म्हणायची. ही लाट बघण्याच्या भागातून गेली की चमचम दिसते, आणि वर सांगितलेल्या नाक्यापर्यंत पोचली की ॲलिस. कित्येकांना हे सगळं होऊनही डोकं अजिबात दुखत नाही, त्यामुळे मायग्रेनचा संशयच येत नाही.

लहान मुलांत कारण बहुतेक वेळा वेगळं असतं, इन्फेक्शन. एपस्टाइन-बार नावाचा एक व्हायरस आहे, लाळेतून पसरतो, घसा दुखतो, मानेत गाठी येतात, ताप रेंगाळतो, आणि आपल्याकडे बहुतेकांना तो लहानपणीच होऊन जातो, कळतसुद्धा नाही. या आजाराचं नाव निघालं की मुलांच्या बाबतीत डॉक्टरांना पहिली आठवण याचीच होते. फ्लू किंवा कांजिण्यांनंतरही असं झाल्याच्या नोंदी आहेत. क्वचित फिटचा आजार, डोक्याला मार, फारच क्वचित गाठ. आणि काही औषधंसुद्धा, गंमत म्हणजे मायग्रेन होऊ नये म्हणून देतात त्या टोपिरामेटनेच कुणाकुणाला हा प्रकार झालेला आहे (म्हणून लगेच स्वतःच्या मनाने गोळी बंद करायची नाही, डॉक्टरांना फोन करायचा). फिलाडेल्फियाच्या मुलांच्या हॉस्पिटलमधला ४८ मुलांचा अभ्यास २०१४ मध्ये आला होता, त्यात तिसरा हिस्सा इन्फेक्शनमुळे आणि निम्म्याहून जास्त मुलांत कारण सापडलंच नाही. ऐकायला वाईट वाटतं पण आईबापांसाठी ही तशी बरी बातमी आहे, की शोधूनही आत काही भयंकर निघालं नाही.

शरीराच्या बाबतीतलं, म्हणजे माझी केळी. मेंदूच्या वरच्या भागात कानापासून कानापर्यंत एक पट्टा आहे त्यात अख्ख्या अंगाचा नकाशा आहे. माँट्रियलचे सर्जन वाइल्डर पेनफील्ड ऑपरेशन करताना जागं असलेल्या पेशंटच्या मेंदूला बारीक करंट लावून विचारायचे कुठे जाणवलं, त्यातून १९३७ मध्ये तो नकाशा बाहेर आला. नकाशा भलताच बेढब आहे, ओठ आणि बोटं प्रचंड आणि पाठ एवढीशी, कारण जिथे जास्त जाणवतं त्याला जास्त जागा. आणि हा नकाशा दगडावरची रेघ नाही. दातांच्या डॉक्टरकडे बधिर करायचं इंजेक्शन घेतल्यावर ओठ वड्यासारखा सुजलाय असं वाटतं की नाही? आरशात बघावं तर ओठ होता तसा. नस गप्प झाली, मेंदूला खबर येईना, त्याने नकाशात परस्पर ओठ फुगवून टाकला. माझ्या बोटांचंही असंच काहीतरी झालं असणार, डोळे उघडे असले की नजर नकाशाला गप्प बसवायची, मिटले की नकाशा मोकाट.

आणि आता वेळ. हा भाग मला सगळ्यात अवघड गेला कारण रंगाला डोळा आहे, आवाजाला कान आहे, वेळेला अवयवच नाही. तरी दुपारी चहाची वेळ झाली हे कळतं, ट्रेन उशिरा आहे हे घड्याळ न बघता जाणवतं. मेंदू वेळ पण तयार करतो, आणि त्यात लांड्यालबाड्या करतो. भिंतीवर टिकटिक करणारं सेकंदकाट्याचं घड्याळ असेल (सरकत जाणारा काटा नको, ठक्-ठक् पुढे जाणारा हवा) तर दुसरीकडे बघता बघता पटकन त्याच्याकडे बघा. पहिला सेकंद जरा जास्तच लांबतो, क्षणभर वाटतं घड्याळ बंद पडलंय. कारण नजर उडी मारते तेवढ्या क्षणात मेंदू दिसणं दाबून ठेवतो, आणि नंतर ती भोकं दिसू नयेत म्हणून उडीनंतर जे पहिलं दिसलं तेच मागे ताणून तिथे चिकटवतो. दिवसभर हे चालू असतं! आपला प्रत्येक दिवस ठिगळं लावलेला आहे आणि शिवण एकदाही दिसत नाही.

भीतीत वेळ मंदावते म्हणतात, गाडी घसरली तेव्हा सगळं स्लो मोशनमध्ये दिसलं वगैरे. ह्यूस्टनच्या डेव्हिड ईगलमन या मेंदू-संशोधकांनी २००७ मध्ये हे तपासायला लोकांना ३१ मीटर उंचीवरून पाठमोरं खाली सोडलं, खाली जाळी. मनगटावर एक डिस्प्ले, त्यावर आकडे इतक्या भराभर बदलणारे की एरवी वाचता येऊ नयेत. वेळ खरंच मंदावली तर पडताना ते वाचता यायला हवेत. कुणालाच वाचता आले नाहीत, पण आपण किती वेळ पडत होतो हे विचारल्यावर लोकांनी दुसऱ्याला पडताना पाहून जो अंदाज सांगितला होता त्यापेक्षा सरासरी ३६ टक्के जास्त सांगितला. म्हणजे घड्याळ मंदावत नाही, भीतीत आठवण दाट साठते आणि मागे वळून बघताना ती लांब वाटते.

पण आजारात मात्र घड्याळच हलतं. १९९६ मध्ये छापून आलेली एक केस आहे, ६६ वर्षांचे गृहस्थ, गाडी चालवताना त्यांना एकाएकी रस्त्यावरचं सगळं अंगावर धावत येतंय असं दिसायला लागलं, गाडी आवरेना, टीव्ही बघवेना कारण सगळं भरधाव. त्यांना सांगितलं, मनातल्या मनात ६० सेकंद झाले की सांगा. त्यांचे ६० सेकंद व्हायला घड्याळाची जवळजवळ पावणेपाच मिनिटं लागली. आतलं घड्याळ इतकं रेंगाळलेलं की बाहेरचं जग पळत सुटलेलं दिसणारच. त्यांच्या मेंदूच्या पुढच्या डाव्या भागात गाठ निघाली. ॲलिसच्या पेशंटांना होतं ते इतकं भयानक नसतं, आणि बहुतेक वेळा मिनिटांत जातं, पण जात तीच. कुणाला सगळे घाईघाईत चिडून बोलतायत असं वाटतं, कुणाला माझ्या भाचीसारखं सगळे ताणून ताणून.

जाता जाता दोन शेजारचे आजार सांगते, ते ॲलिस नाहीत पण त्यांच्यावाचून हे नीट पटत नाही. म्युनिकमधली एक ४३ वर्षांची बाई, मेंदूतल्या शिरेत गुठळी होऊन दोन्ही बाजूंचा हालचाल ओळखणारा भाग गेला. रंग दिसायचे, माणसं ओळखू यायची, फक्त हालचाल दिसायची नाही. योझेफ त्सील आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८३ मध्ये तिच्याबद्दल लिहिलं. कपात चहा ओतताना तिला धार गोठून बर्फासारखी उभी दिसायची, कपातला चहा वर येताना दिसायचाच नाही त्यामुळे कधी थांबायचं कळायचं नाही. आपण गाळणीतून चहा ओततो तेव्हा किंचित आधी हात आडवा करतो ना, ते तिला कधीच जमणार नाही. रस्ता ओलांडायला जावं तर गाडी आधी लांब आणि मग एकदम अंगावर, मधलं काहीच नाही. हे जागेचं दुखणं म्हणायचं की वेळेचं? मला तर दोन्ही एकच वाटायला लागलंय.

दुसरी गोष्ट मिलानची. पक्षाघाताने मेंदूची उजवी बाजू गेली की काही पेशंट डाव्या बाजूचं जगच विसरतात, ताटातला डावीकडचा भात तसाच राहतो, ताट फिरवलं की "अरे, अजून आहे की". बिझियाक आणि लुत्साती या दोघा संशोधकांनी १९७८ मध्ये अशा पेशंटांना सांगितलं, डोळ्यांपुढे आणा की तुम्ही गावच्या मोठ्या चौकात कॅथेड्रलकडे तोंड करून उभे आहात, काय काय दिसतं सांगा. त्यांनी उजवीकडच्याच इमारती सांगितल्या. मग संशोधक म्हणाले, आता मनातल्या मनात कॅथेड्रलच्या पायऱ्यांवर या आणि चौकाकडे तोंड करा. तर आता उजवीकडे आलेली दुसरी बाजू धडाधड सांगितली आणि मघाशी सांगितलेली गायब. म्हणजे आठवणीतल्या चौकातसुद्धा अर्धा भाग बंद! चौक डोळ्यांसमोर नव्हताच, मनात होता, आणि मनातही मेंदू रोज नव्याने जागा मांडून देतो, तेव्हा कुठे तिथे उभं राहता येतं.

बरं, घरात कुणाला असं झालं तर करायचं काय. पोराला खोटं पाडू नका ही माझी पहिली विनंती, दुसरी म्हणजे विचारून ठेवा : किती वेळ टिकलं, झोपेच्या आसपास होतं का, आधी ताप होता का, डोकं दुखतं का, घरात कुणाला मायग्रेन आहे का. आमच्याकडे शेवटच्या प्रश्नाला दोन हात वर झाले, माझा आणि आमच्या आईचा. डॉक्टर साधारण रक्त तपासतात, ईईजी (म्हणजे मेंदूतल्या विजेचा आलेख) काढतात, गरज वाटली तर एमआरआय. भाचीचं सगळं नॉर्मल आलं, रक्तात एपस्टाइन-बार नुकताच होऊन गेल्याची खूण मिळाली, गोळी एकही नाही, फक्त झोप वेळेवर आणि वाट बघा. बहुतेक मुलांचं असंच होतं, काही आठवड्यांत-महिन्यांत आपोआप कमी होतं, काहींना पुढे कधीतरी परत येतं, थोड्यांना मोठेपणी मायग्रेन निघतो. पण त्यासोबत फिट आली, शुद्ध हरपली, मान आखडली, उलट्या थांबेनात, हातापायातला जोर गेला, बोलणं अडखळलं किंवा डोकेदुखी दिवसागणिक वाढतेय, तर वाट बघायची नाही, त्याच रात्री हॉस्पिटल. आणि चाळिशी-पन्नाशीनंतर आयुष्यात पहिल्यांदाच असं काही झालं तर ते लहान मुलाच्या ॲलिससारखं सोडून देऊ नका. मूल कडेवर असताना किंवा गाडी चालवताना होऊ शकतं ही साधी गोष्टही लक्षात ठेवा, थांबा, बसा, जाईल ते.

डॉक्टरांनी भाचीला एक काम दिलं होतं, दिसलं की दुसऱ्या दिवशी चित्र काढायचं. तिची वही माझ्याकडे आहे. एका चित्रात चादरीवरचं फूल दाराएवढं आहे आणि दारात आई, खिडकीच्या गजापेक्षा बारीक. सगळ्यात नीट काढलेली गोष्ट म्हणजे भिंतीवरचं घड्याळ, त्याचे बाराही आकडे आहेत, काटे मात्र काढलेलेच नाहीत. विचारलं तर म्हणाली, ते हलत नव्हते म्हणून नाही काढले.

गेल्या आठवड्यात तिचा स्वतःहून फोन आला. "मावशी, काल परत आलं. पण मी रडले नाही, मी मोजलं. नव्वदपर्यंत मोजलं आणि गेलं." मागून बहिणीचा आवाज, ताई, मी मोबाईलवर टायमर लावला होता, चाळीसच सेकंद झाले होते गं. घाबरून भराभर मोजलं असशील असं मी म्हटलं, तर भाची चिडली. "नाही मावशी, मी हळूच मोजत होते. मोबाईलच हळू चालत होता."